खेप

आमच्या तालुक्याच्या पंचायत समितीत माझी सतरा वर्षं टंचाईच्या टेबलावर गेली. जानेवारी सरला की फाइली यायला लागायच्या. अमुक गावाची विहीर आटली, तमुक तांड्यावरचा हातपंप कोरडा पडला. मग प्रस्ताव, स्थळपाहणी, विहीर अधिग्रहण आणि शेवटी टँकर. हिशेब तसा सोपा असतो. माणशी दिवसाला २० लिटर. १,८०० वस्तीच्या गावाला ३६ हजार लिटर, आणि १२ हजारांचा टँकर असला की तीन खेपा. कागदावर विषय इथेच संपतो. प्रत्यक्षात उद्भव २२ किलोमीटरवर असतो, तिथली वीज रात्री दोनला येते, टँकर भरायला तास-दीड तास जातो आणि रस्ता उखडलेला असतो. तीनच्या दोनच खेपा होतात. राहिलेल्या खेपेचं पाणी कुणाच्या तरी घागरीतनं कमी होतं. (उद्भव हा आमच्या खात्यातला शब्द. टँकर ज्या विहिरीवर किंवा तलावावर भरतो ती जागा.)

आरमारावर लिहायला बसलोय आणि सुरुवात टँकरपासून करतोय, कारण मला समुद्र जो काही कळला तो याच टेबलावरून कळला.

माझा भाचा, अक्काचा धाकटा, २००९ साली नौदलात भरती झाला. तोवर त्यानं समुद्र पाहिलेला नव्हता. आमच्या घरात कुणीच पाहिलेला नव्हता. मुंबईला जाऊन आलेल्यांनी चौपाटी पाहिलेली, तेवढंच. भरतीचं पत्र आलं तेव्हा माय म्हणाली, "एवढ्या पाण्यात पोरगं जायलंय, तिथं प्यायला काय देतील?" सगळे हसले. मायचा प्रश्न मात्र बरोबर होता, आणि पुढे जे काही वाचलं-ऐकलं त्यात तो प्रश्न मला पुन्हा पुन्हा भेटत गेला.

दोन-तीन वर्षांनी तो सुट्टीवर आला, तेव्हा मी विचारलं, "काय काम असतं रे तुला?"

"मामा, सध्या टँकरवर आहे."

मला वाटलं पोरगं माझी टिंगल करायलंय. मग त्यानं सांगितलं. नौदलाची मोठी तेलवाहू जहाजं असतात, त्यांना फ्लीट टँकर म्हणतात. लढाऊ जहाजं दूर समुद्रात असताना हा टँकर त्यांना तिथेच डिझेल, पाणी, भाजीपाला, औषधं, दारूगोळा सगळं पुरवतो. या कामाला ते लोक 'रॅस' म्हणतात. मी पहिल्यांदा 'रास' ऐकलं. आमच्याकडे रास म्हणजे खळ्यावर पडलेली ज्वारी, वर्षभराची बेगमी. त्याच्या रॅसचा अर्थ काही फार वेगळा निघाला नाही.

त्यानं जे वर्णन केलं ते मी तेव्हाच वहीत उतरवून ठेवलं होतं. दोन जहाजं समांतर चालत राहतात, ताशी साधारण १२ सागरी मैलांच्या वेगानं, मधे जेमतेम ४०-५० मीटर अंतर. थांबून हे काम होत नाही, कारण थांबलेलं जहाज लाटांवर कसंही डोलतं आणि सुकाणूला जुमानत नाही. एका जहाजावरून बंदुकीनं बारीक दोरी पलीकडे उडवतात. त्या दोरीला जाड दोर बांधलेला असतो, त्याला तारेचा दोर आणि त्या तारेवरून जातो तेलाचा नळ. एक वेगळी दोरी नुसत्या अंतरासाठी ताणून धरतात, तिच्यावर ठरावीक अंतरावर रंगीत झेंडे लावलेले असतात. तिच्याकडे एक माणूस डोळे लावून उभा. दोन जहाजांच्या मधल्या चिंचोळ्या जागेत पाणी जोरानं धावतं आणि जहाजं एकमेकांकडे ओढली जातात. म्हणून सुकाणूवरच्या माणसाला अर्ध्या-एक अंशाचीही चूक परवडत नाही. काही बिनसलं तर नळ झटक्यात सोडवून दोघांनी वेगळं व्हायचं, त्याचाही सराव असतो. हे तासन्‌तास चालतं, कधी रात्री, कधी खवळलेल्या समुद्रात.

"तोपर्यंत आम्ही दोघंही लंगडे," तो म्हणाला. "वळता येत नाही, पळता येत नाही. हल्ला व्हायचा तर त्याच वेळी होतो."

त्या रात्री मला झोप लागली नाही. टँकर विहिरीवर भरत असताना रांगेतल्या बायकांची जी घालमेल मी पाहिली होती, ती डोळ्यांपुढे येत राहिली.

तेव्हापासून मी नौदलाच्या मोहिमा वाचायला लागलो, आणि वाचताना बोट नेहमी एकाच गोष्टीवर ठेवलं. यांची खेप कुठून आली?

१९७१ घ्या. ४ डिसेंबरच्या रात्री आपल्या निपात, निर्घात आणि वीर या तीन क्षेपणास्त्र नौकांनी कराचीवर हल्ला केला. नाव ऑपरेशन ट्रायडंट. पाकिस्तानची खैबर ही विनाशिका आणि मुहाफिज ही सुरुंगशोधक नौका बुडाली, आणि तोच दिवस आपण नौदल दिन म्हणून पाळतो. एवढं शाळेतल्या पोरांनाही ठाऊक असतं. पण या नौका होत्या कशा? सोव्हिएत बनावटीच्या, छोट्या, वाऱ्यासारख्या वेगवान आणि आपल्याच किनाऱ्याची राखण करण्यासाठी बनवलेल्या. बंदरातून निघायचं, मारायचं आणि परत यायचं, एवढाच त्यांचा पल्ला. मुंबईहून कराचीला जाऊन परत येण्याइतकं तेल त्यांच्या पोटात मावतच नव्हतं. मग कुणाच्या तरी डोक्यात आलं की यांना मोठ्या जहाजांच्या मागे दोर लावून ओढत न्यायचं, म्हणजे त्यांचं तेल लढाईपुरतं शिल्लक राहील. त्याचा सराव झाला. किल्टन आणि कच्छल ही दोन मोठी जहाजं सोबतीला दिली. परतीच्या वाटेवर सौराष्ट्राच्या किनाऱ्याकडे पोशाक नावाचं तेलवाहू जहाज ठेवलं होतं. पोशाकचं नाव कुणाला ठाऊक नसतं. मला त्या तीन नौकांइतकंच ते जवळचं वाटतं.

त्या तुकडीचं नेतृत्व बबरू भान यादव यांच्याकडे होतं, त्यांना महावीर चक्र मिळालं. हल्ल्यासाठी रात्र निवडली, कारण रात्री समुद्रावर येऊन जहाजांना गाठण्याची तयारी पाकिस्तानी विमानदलाकडे नव्हती. आणि चार दिवसांनी, ८ डिसेंबरच्या रात्री, विनाश ही एकटी क्षेपणास्त्र नौका तलवार आणि त्रिशूल या दोन युद्धनौकांसोबत पुन्हा गेली. या वेळी कराचीच्या कियामारी भागातल्या तेलाच्या टाक्या पेटल्या. ज्यांनी आपल्या तेलाची चणचण ओळखून मोहीम आखली होती, त्यांनी शत्रूचंही तेलच हेरलं. उद्भव तोडला की टँकर कितीही असोत, उपयोग नसतो, हे मला टेबलावर बसून कळत होतं. त्यांना ते युद्धात कळलं होतं.

दुसऱ्याच रात्री, ९ डिसेंबरला, दीवच्या समोर खुकरी बुडाली. पाकिस्तानच्या हंगोर पाणबुडीनं तिला बुडवलं. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक तिच्यासोबत गेले. कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला जहाज सोडून आले नाहीत. नौदल दिनाला मी घरात दिवा लावतो तो या १९४ जणांसाठी.

याच्या अगदी उलट गोष्ट १९०४-०५ची. जपानशी युद्ध पेटलं आणि रशियानं आपलं बाल्टिक समुद्रातलं आरमार अर्ध्या पृथ्वीला वळसा घालून पूर्वेला पाठवलं. ऑक्टोबरात निघालेली जहाजं मे महिन्यात पोचली. तेव्हा जहाजं कोळशावर चालायची आणि वाटेतली बहुतेक चांगली बंदरं इंग्रजांची. इंग्रजांचा जपानशी करार, त्यामुळे रशियनांना तिथे कोळसा मिळायचा प्रश्नच नव्हता. जर्मन जहाजांकडून भर समुद्रात किंवा आडबाजूच्या खाडीत कोळसा घ्यायचा. पोती खांद्यावरून वाहायची, नाकातोंडात काळी धूळ, वर विषुववृत्तावरचं ऊन. पुढची खेप मिळेल की नाही याची खात्री नसल्यामुळे मिळेल तेवढा कोळसा भरून ठेवायचा. डेकवर कोळसा, खोल्यांतून कोळसा. मादागास्करला दोन महिन्यांहून जास्त मुक्काम पडला आणि माणसं आजारानं खंगली. २७ मे १९०५ रोजी सुशिमाच्या सामुद्रधुनीत जपानच्या ॲडमिरल टोगोचं आरमार समोर आलं, तेव्हा कितीतरी रशियन जहाजं वजनानं इतकी खाली बसली होती की त्यांच्या कमरेचा पोलादी चिलखती पट्टाच पाण्याखाली गेला होता. दोन दिवसांत सगळं संपलं. जी माणसं सात महिने नुसता कोळसा उपसत आली, त्यांच्याकडून आणखी काय व्हायला हवं होतं? इतिहासकार तोफा, दारूगोळा, टोगोचे डावपेच सांगतात, आणि ते खरंच आहे. माझं मन मात्र त्या पोत्यांवरून हलत नाही. टंचाईच्या दिवसांत माणूस मिळेल त्या भांड्यात पाणी साठवतो, मोरीत, माजघरात, कॉटखाली, आणि मग घरात चालायलाही जागा राहत नाही. तसंच ते.

त्याआधीचं एक उदाहरण तर थेट पिंपांचंच आहे. १५८८ साली स्पेनचं प्रचंड आरमार इंग्लंडवर चालून गेलं. त्याच्या आदल्या वर्षी ड्रेक या इंग्रज दर्यावर्दीनं पोर्तुगालच्या किनाऱ्यावर धाडी घालताना पिंपं बनवायच्या सुकवलेल्या फळ्यांचे साठे जाळून टाकले होते. मग ओल्या लाकडाची पिंपं करावी लागली. ती गळली, अन्न नासलं, पाण्याला बुरशी धरली. फळ्या जाळणं हा काही कुणाला पराक्रम वाटत नाही. मला वाटतो.

आपल्याकडे हे शहाणपण फार जुनं आहे. २०१३च्या उन्हाळ्यात, आमच्याकडे दुष्काळ ऐन भरात असताना, आम्ही सगळे मालवणला गेलो. भाच्यानंच आग्रह धरला होता. आरमार बघायचं तर सिंधुदुर्ग बघा, म्हणाला. मालवणच्या धक्क्यावरून होडीत बसलो. माय होडीच्या कडेला दोन्ही हातांनी धरून बसली होती आणि मधेच बोट बुडवून जिभेला लावून थुंकत होती. १६६४ साली शिवाजी महाराजांनी कुरटे बेटावर या किल्ल्याची पायाभरणी केली. तटबंदी, बुरूज, महाराजांच्या हातापायाचे ठसे सगळं पाहिलं. मग आमचा वाटाड्या आम्हाला विहिरींकडे घेऊन गेला. दूधबाव, दहीबाव, साखरबाव. नावंच अशी की तोंडाला पाणी सुटावं. चारी बाजूंनी खारा समुद्र, तटावर लाटा आपटतायत आणि मधे ही गोड्या पाण्याची बाव.

तिथे एका बाईनं पोहरा सोडला होता. तिनं मायच्या ओंजळीत पाणी ओतलं. मायनं आधी नुसतं ओठाला लावलं, मग गटागटा प्यायली, मग उरलेलं डोळ्यांना आणि डोक्याला लावलं.

"गोडं हाय की रे!" ती एवढंच म्हणाली आणि कठड्याला टेकून बराच वेळ खाली बघत राहिली. त्या दिवशी आमच्या गावात टँकरची पाळी होती आणि शेजारणीला घागरी भरून ठेवायला सांगून आम्ही निघालो होतो.

किल्ला बांधायच्या आधी पाणी बघावं, असं रामचंद्रपंत अमात्यांनी आज्ञापत्रात बजावून ठेवलं आहे. महाराजांनी हे बेट निवडताना तेच केलं असणार. आरमाराला तळ लागतो आणि तळाला गोडं पाणी. १६६५च्या फेब्रुवारीत महाराज स्वतः जहाजात बसून मालवणहून बसरूरच्या मोहिमेवर गेले. ८५ लहान जहाजं आणि तीन मोठी. एवढ्या माणसांचं प्यायचं पाणी, धान्य आणि सरपण कुणी तरी मोजून भरलं असेल. त्या माणसाचं नाव बखरीत नाही. पावसाळा आला की गलबतं, गुराबं किनाऱ्याला घ्यायची आणि दसऱ्यानंतर पुन्हा सोडायची, हीही त्या मोजणीतलीच एक ओळ. जंजिरा महाराजांना आणि संभाजी महाराजांनाही घेता आला नाही, त्याची कारणं पुष्कळ आहेत. त्या किल्ल्यात गोड्या पाण्याचे दोन मोठे तलाव आहेत, हे कारण मी तरी विसरणार नाही.

मराठवाड्याला समुद्र नाही, पण फौजा आणि पाणी यांची गाठ आम्हीही पाहिली आहे. १९४८च्या सप्टेंबरात निजामाविरुद्धची कारवाई झाली. सोलापूरच्या बाजूनं मेजर जनरल जयंतनाथ चौधुरी यांची फौज निघाली, तिचे चार भाग पाडले होते: स्ट्राइक, स्मॅश, किल आणि वीर फोर्स. आजच्या भाषेत टास्क फोर्सच, म्हणजे एका कामापुरती बांधलेली तुकडी. १३ सप्टेंबरला नळदुर्गजवळ बोरी नदीचा पूल शाबूत हाती लागला आणि म्हणून सगळी वाट मोकळी झाली. त्याच बोरीला अडवून नळदुर्गाच्या पोटात पाणीमहाल बांधलेला आहे. आपल्याकडे लोक पावसाळ्यात तिथे धबधबा बघायला जातात, आणि पुलाची आठवण कुणाला नसते. तुळजापूरहून लातूरकडे निघालेली तुकडी मात्र अडकली. मांजरा नदीला पूर आला होता, अशी नोंद आहे. (तुळजापूरकडून येताना आधी तेरणा लागते हे आमच्याकडचं कुणीही सांगेल, पण तेरणाही शेवटी मांजरालाच मिळते.) आमचे आजोबा सांगायचे, फौज आली आली म्हणून लोक गावाबाहेर येऊन उभे राहायचे आणि नदी उतरत नाही म्हणून परत घरी जायचे. १७ सप्टेंबरला निजाम शरण आला आणि आमचा मुक्तिदिन झाला.

ज्या मांजराच्या पुरानं फौज थांबवली, त्याच मांजराचं धनेगावचं धरण २०१६ साली तळाला गेलं. लातूर शहरात पाणी भरायच्या जागांभोवती जमावबंदी लावावी लागली. एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं, साडेतीनशे किलोमीटरच्या आसपास वाट. १२ एप्रिलच्या पहाटे पहिली गाडी पोचली तेव्हा तिला १० वाघिणी होत्या, प्रत्येकीत ५० हजार लिटर. पुढे ५० वाघिणींची गाडी सुरू झाली, एका खेपेला २५ लाख लिटर. या वाघिणी मूळच्या तेलाच्या. राजस्थानातल्या कोटा शहरातल्या रेल्वेच्या कार्यशाळेत वाफेनं धुऊन त्यांना पाण्यासाठी तयार केलं होतं.

मी एका रात्री मुद्दाम स्टेशनला गेलो. दिव्यांच्या उजेडात ती लांबच लांब गाडी उभी होती, वाघिणींच्या खाली माणसं वाकून नळ जोडत होती. एका जोडातून पाणी ठिबकत होतं. एका कामगारानं पोत्याचा तुकडा काढून तो जोड गुंडाळला, सुतळीनं आवळला, हात फिरवून पाहिला आणि पुन्हा आवळला. कुणी त्याला सांगितलं नव्हतं. मला भाच्याची रॅस आठवली, तारेवरून जाणारा नळ आठवला.

आणखीही एक गोष्ट आठवली. २०१४ साली ४ डिसेंबरला, म्हणजे नेमकं नौदल दिनालाच, मालदीवच्या राजधानीत समुद्राचं पाणी गोडं करणाऱ्या केंद्राला आग लागली आणि लाखावर वस्तीचं माले शहर पाण्याविना राहिलं. आपण विमानांनी पाणी पाठवलंच, पण नौदलाची सुकन्या आणि मागून दीपक ही जहाजंही गेली. दीपक हा फ्लीट टँकर. त्यानं सुमारे हजार टन गोडं पाणी नेलं, शिवाय समुद्राचं पाणी गोडं करायची सोय जहाजावर होतीच. ऑपरेशन नीर. भाचा त्या जहाजावर नव्हता, तरी फोनवर त्याचा आवाज असा होता की तोच जाऊन आलाय.

आता त्याची नोकरी एडनच्या आखाताकडे असते. २००८च्या ऑक्टोबरपासून आपलं एखादं तरी जहाज तिथे चाच्यांविरुद्ध गस्तीवर आहे. इतर देशांच्याही टास्क फोर्स तिथे आहेत. २०२४च्या मार्चमध्ये कोलकाता या विनाशिकेनं रुएन हे चाच्यांनी पळवलेलं जहाज आपल्या किनाऱ्यापासून २,६०० किलोमीटरवर गाठलं. विमानातून नौदलाचे मार्कोस कमांडो आणि त्यांच्या होड्या समुद्रात उतरवल्या. ४० तासांची कारवाई, १७ खलाशी सुखरूप सुटले आणि ३५ चाचे शरण आले. सगळ्यांनी कमांडोंचं कौतुक केलं, मीही केलं. पण आठवड्याभरानं ते ३५ जण मुंबईत पोलिसांच्या ताब्यात दिले, हे वाचलं आणि माझा हात आपोआप पेन्सिलीकडे गेला. आठवडाभर जहाजावर ३५ तोंडं जास्तीची. माणशी वीस लिटरचा आमचा दर लावला तरी रोजचे ७०० लिटर. शत्रू झाला म्हणून त्याला तहानेला ठेवता येत नाही. ते पाणी कुणी तरी बनवलं, मोजलं आणि दिलं.

२०१६च्या मे महिन्यात, गाड्या चालू असतानाच, भाचा सुट्टीवर आला होता. अक्काकडे पाणी पंधरा दिवसांनी यायचं. आंघोळीला त्यानं अर्धी बादली घेतली आणि त्यातलीही निम्मी परत आणून ठेवली. आधी अंग ओलं करायचं, मग साबण, मग तीन तांबे. जहाजावर पहिल्या वर्षी हेच शिकवलेलं. अक्का दाराशी उभी राहून म्हणाली, "घे की रे अजून, सुट्टीवर आलायस." तो टॉवेलनं डोकं पुसत हसला फक्त.

त्या वर्षी परतीच्या पावसानं धनेगाव भरलं. महिनाभर त्याच्याशी बोलणं झालं नव्हतं, तो समुद्रात होता. जहाज ओमानच्या सलालाह बंदरात लागलं तेव्हा त्याचा फोन आला. राम राम नाही, तब्येत नाही.

"मामा, धनेगाव किती?"

"भरलं."

"म्हणजे मृतसाठ्याच्या वर किती?"

"अरे, भरलं. काठोकाठ."

पलीकडून काही ऐकू येईना. मला वाटलं लाइन गेली. मग मागे कुणी तरी शिट्टी वाजवल्याचा आवाज आला आणि तो घाईनं म्हणाला, "माईला सांगा. ठेवतो मामा, उद्या सकाळी रॅस आहे."